दोन शॉर्टफिल्म झाल्या, आता नोकरी सोडून पूर्ण लांबीच्या फीचरच्या मागे लागू का?

एडिटटेबल

नमस्कार मंडळी, बरेच दिवस हे डोक्यात घोळतंय, आज लिहूनच टाकतो. पोस्ट लांबलीय पण प्लीज वाचा.

वय ३१. गेली सात वर्षं एका पोस्ट प्रॉडक्शन हाऊसमधे एडिटर आहे, जाहिराती, कॉर्पोरेट फिल्म, कधीतरी सिरीजचं काम. स्वतःच्या दोन शॉर्टफिल्म केल्या, पहिली १४ मिनिटांची आणि दुसरी २२. पहिली कुठेच लागली नाही. दुसरी चार छोट्या फेस्टिवलला लागली, एका ठिकाणी ज्युरीने खास उल्लेख केला, त्या रात्री मला झोप आली नाही, वाटलं आता फोन येतील, कोणीतरी विचारेल पुढे काय करतोयस. कोणी विचारलं नाही. दीड वर्ष झालं.

आता हातात फीचरची स्क्रिप्ट आहे, तिसरा ड्राफ्ट, ९६ पानं, तीन पात्रं आणि दोन लोकेशन, म्हणजे मुद्दाम छोटीच लिहिलीय. साधारण १४ महिने घर चालेल एवढी शिल्लक आहे. बायको कमावते, ती म्हणते कर तू, मी आहे, पण मला ते मनापासून पटत नाही, तिच्या जिवावर किती दिवस काढायचे.

तर प्रश्न असा की नोकरी सोडून फीचर करू, का अजून एक शॉर्ट करू जी मोठ्या फेस्टिवलला जाईल, का कुणा मोठ्या दिग्दर्शकाकडे असिस्टंट म्हणून लागू? डॉक्टर वकील होणाऱ्याला पुढची पायरी तरी माहीत असते, मला दर वेळी वाटतं मी पहिल्याच पायरीवर उभा आहे. ज्यांनी हे केलंय त्यांनी सांगा, चुकलेलं पण सांगा.

रूमटोन

मी दिग्दर्शक नाही, साउंड रेकॉर्डिस्ट आहे, आत्तापर्यंत ११ इंडिपेंडंट फीचर केल्यात त्यामुळे हे सगळं सेटच्या कोपऱ्यातून हेडफोन लावून बघितलंय. माझं सरळ मत, नोकरी आत्ता सोडू नका.

कारण सांगतो. ती १४ महिन्यांची शिल्लक तुम्ही घराची म्हणताय पण नोकरी सोडली की तिसऱ्या महिन्यात ती फिल्मची होते. लाइटचं भाडं वाढतं, एक दिवस जास्त लागतो, आणि तुम्ही म्हणता चला यातून देऊ मग बघू. मी पाहिलेल्या ११ पैकी ४ फिल्म एडिटला पोचून थांबल्या, आणि चारही ठिकाणी शूट चांगलं झालं होतं! पैसे शूटमधेच संपले होते. माणूस शूटचं बजेट काढतो आणि त्यालाच फिल्मचं बजेट समजतो. आवाजाचं मिक्सिंग, रंगांचं ग्रेडिंग, सबटायटल, डीसीपी म्हणजे थिएटरला दाखवायची डिजिटल कॉपी, फेस्टिवलची सबमिशन फी हे सगळं शूटनंतर येतं आणि तेव्हा खिशात काही नसतं. तुमचा फायदा हा की एडिट तुम्ही स्वतः करू शकता, ही फार मोठी गोष्ट आहे, लोकांना त्याचं मोल कळत नाही.

नोकरी करून फीचर होतेच. क्रिस्टोफर नोलनने पहिली फिल्म दर शनिवारी शूट केली, जवळपास वर्षभर, सगळ्यांच्या नोकऱ्या चालू होत्या, आणि सीन नाटकासारखे आधी तालीम करून घेतले म्हणजे एकदोन टेकमधे ओके होईल आणि रीळ वाया जाणार नाही. सत्यजित रायसुद्धा जाहिरात एजन्सीत नोकरीला होते, १९५२ ला शूट सुरू केलं, पैसे संपले की थांबायचं, मिळाले की परत सुरू, फिल्म आली १९५५ ला. तुमची तर तीन पात्रं आणि दोन लोकेशन आहेत.

आणि आता माझ्या धंद्याचं बोलतो कारण ते कोणी बोलत नाही. कॅमेऱ्याच्या मागे लागू नका. शॉन बेकर या अमेरिकन दिग्दर्शकाने २०१५ ची फिल्म आयफोन ५एस वर शूट केली हे सगळ्यांना पाठ आहे, पण आवाज त्याने फोनवर नाही घेतला, त्यासाठी नीट प्रोफेशनल सामान होतं, हे कोणी सांगत नाही. चित्र थोडं ग्रेनी असलं तरी प्रेक्षक त्याला स्टाइल समजतो पण डायलॉग ऐकू नाही आला तर तो दहाव्या मिनिटाला सुटतो, आणि फेस्टिवलचे सिलेक्टर तर ढीगभर फिल्म लॅपटॉपवर बघतात, ते त्याच्या आधीच सुटतात.

तिसरी_घंटा

रूमटोन यांचं बरंचसं पटलं पण शनिवार रविवारवाल्या सल्ल्याशी मी सहमत नाही, आणि हे मी करून बघून बोलतेय.

माझी पहिली फीचर मी वीकेंडला सुरू केली. पाचव्या आठवड्यात मुख्य नटाला दुसरं काम मिळालं आणि त्याने दाढी वाढवली, सातव्या आठवड्यात लोकेशनच्या मालकाने भिंत रंगवली, बाराव्या आठवड्यात मीच इतकी दमले होते की सोमवार ते शुक्रवार ऑफिस करून शनिवारी सकाळी सेटवर उभी राहिले आणि मला सीनमधे काय हवंय तेच आठवेना. नटांसमोर मी गप्प उभी होते. तो दिवस मी विसरू शकत नाही. २३ शूटचे दिवस आठ महिन्यांत पसरले आणि एडिटला बसल्यावर कळलं की परफॉर्मन्सचा सूर प्रत्येक महिन्यात वेगळा लागलाय. नोलनचं जमलं कारण त्याने तालमी भरपूर घेतल्या आणि फिल्म त्याच पद्धतीला साजेल अशी लिहिली होती, आपण तालमीचा भाग सोडून देतो आणि शनिवार तेवढा उचलतो.

माझ्या मते मधला रस्ता घ्या. नोकरी सोडून फ्रीलान्स एडिटर व्हा. सात वर्षांचा अनुभव आहे, ओळखी आहेत, काम मिळेल. मग चार महिने पैशासाठी काम, दोन महिने फक्त फिल्म, परत पैशासाठी काम असं चालवा. शूट मात्र एका दमात, १८ ते २० दिवस सलग, मग पुढचं पोस्ट प्रॉडक्शन किती का लांबेना. जॉन कॅसाव्हेट्स आयुष्यभर हेच करत होता, स्टुडिओच्या मोठ्या फिल्ममधे नट म्हणून काम करायचं आणि ते पैसे स्वतःच्या फिल्ममधे घालायचे.

पण मला खरं बोलायचंय ते वेगळंच. तुम्ही सगळा विचार पहिल्या फीचरपर्यंतचा करताय. पहिली होते हो, कशी ना कशी होतेच, सगळे मित्र येतात, घरचे मदत करतात, लोकांना कौतुक असतं. खरा दम लागतो दुसरीला. केली रायकार्ट या अमेरिकन दिग्दर्शिकेची पहिली फीचर १९९४ ला सनडान्स फेस्टिवलला होती आणि दुसरी आली २००६ ला. १२ वर्षं! मधे ती सुपर एट या घरगुती कॅमेऱ्याच्या रिळावर छोट्या फिल्म करत राहिली आणि शिकवत राहिली. बॅरी जेनकिन्सची पहिली २००८, दुसरी २०१६, तिला ऑस्करला बेस्ट पिक्चर मिळालं, पण मधल्या ८ वर्षांत त्याने सुतारकाम केलंय, जाहिराती केल्यात. ही नावं आपल्याला माहीत आहेत कारण ते परत आले. माझ्याबरोबर पहिली फिल्म केलेले आम्ही सहाजण होतो, दुसरी केली फक्त दोघांनी. बाकीचे चौघं आमच्यापेक्षा कमी नव्हते, एक तर माझ्यापेक्षा कितीतरी चांगला होता, तो आता फोन केला तरी फिल्मचा विषय काढू देत नाही.

म्हणून सांगते, पहिली फिल्म फेस्टिवलला जाईल तेव्हा दुसरीची स्क्रिप्ट नाही तर किमान चार पानं तयार ठेवा. त्या आठवड्यात लोक तुम्हाला विचारतील पुढे काय. तुमच्या शॉर्टच्या वेळी कोणी विचारलं नाही म्हणालात, मला विचारलं होतं, एका प्रोड्युसरने, आणि माझ्याकडे सांगायला काही नव्हतं. मी म्हटलं अजून विचार चाललाय. त्याने कार्ड दिलं आणि दुसऱ्या टेबलवर गेला.

शिक्का_सही

उशिरा आले धाग्यावर. मी लाइन प्रोड्युसर होते म्हणजे शूटचं बजेट आणि रोजचं काम सांभाळायचे, आता छोट्या फिल्मचं कागदपत्र आणि डिलिव्हरी, म्हणजे घेणाऱ्याला तयार फिल्म सगळ्या सामानासकट देणं, हे बघते. वर दोघांनी वेळ आणि पैसा सांगितला, मी कागद सांगते, बोअर होईल पण वाचा.

चार्ल्स बर्नेट नावाचा अमेरिकन दिग्दर्शक आहे, त्याने युनिव्हर्सिटीत शिकताना वीकेंडला एक फिल्म शूट केली, 'किलर ऑफ शीप', १९७७ ची. आज तिला क्लासिक मानतात. पण ती थिएटरला नीट रिलीज झाली २००७ ला, ३० वर्षांनी, का तर फिल्ममधल्या गाण्यांचे हक्क घेतलेले नव्हते आणि शेवटी ते घ्यायला दीड लाख डॉलर लागले. फिल्म बनवायला लागले त्याच्या कितीतरी पट. मी प्रत्येक नव्या दिग्दर्शकाला आधी ही गोष्ट सांगते.

गाण्याला दोन वेगळे हक्क असतात, एक गाणं लिहिणाऱ्या संगीत देणाऱ्यांचा, दुसरा त्या रेकॉर्डिंगचा, आणि दोन्ही घ्यावे लागतात. लोक एकाची परवानगी घेतात आणि झालं असं समजतात. आणि फक्त फेस्टिवलपुरता परवाना स्वस्तात मिळतो म्हणून घेतात, मग प्लॅटफॉर्मने फिल्म मागितली की तिथे घोडं अडतं.

मग चेन ऑफ टायटल. म्हणजे ही कथा कुणाची, स्क्रिप्ट कुणाची, ती प्रॉडक्शनकडे कशी आली याचा सलग लेखी माग. एक कडी तुटली की सेल्स एजंट, म्हणजे फिल्म विकून देणारा, हात लावत नाही. नटांची सही, लोकेशनची सही, संगीतकाराचं पत्र, भिंतीवर दिसणाऱ्या पेंटिंगचीसुद्धा परवानगी. शूटच्या दिवशी फॉर्म पुढे केला की दोन मिनिटांत सही होते, दोन वर्षांनी तोच माणूस फोन उचलत नाही.

पैसे नसतील तर लोकांना नंतर देतो म्हणू नका, टक्केवारी लिहून द्या. आन्येस वार्दाने १९५५ ची पहिली फिल्म सहकारी पद्धतीने केली होती, कलाकार आणि तंत्रज्ञ सगळे फिल्मचे भागीदार. हे आजही होतं, पण टक्केवारी कशावर ते लिहा, एकूण उत्पन्नावर का खर्च वजा जाता, कारण खर्च वजा जाता असं लिहिलं की बहुतेक वेळा हातात काहीच येत नाही आणि मैत्री जाते.

सेल्स एजंट मिळाला तर आनंदाच्या भरात सही करू नका. कमिशन किती हे सगळे बघतात, त्याने केलेला खर्च आधी वळता होतो हे बघत नाहीत. त्या खर्चाला वरची मर्यादा लिहून घ्या, हक्क किती वर्षांसाठी दिले ते लिहा आणि ठरावीक काळात विकली नाही तर हक्क परत, हे पण लिहा. माझ्या ओळखीतली एक फिल्म १० वर्षांसाठी अडकलीय, दिग्दर्शकाला स्वतःची फिल्म यूट्यूबवर टाकता येत नाही.

डिलिव्हरीला लागतं ते मिक्सिंगच्या वेळीच मागून घ्या, ५.१ म्हणजे सहा चॅनेलचा मिक्स, स्टीरिओ, आणि एम अँड ई म्हणजे डायलॉग सोडून बाकी सगळा आवाज वेगळा, नाहीतर दुसऱ्या भाषेत डब करता येत नाही. नंतर परत स्टुडिओ उघडायला गेलं की नव्याने पैसे.

आणि घाईने कुठेही ऑनलाइन टाकू नका, पहिल्या हो म्हणणाऱ्या फेस्टिवलला पण देऊ नका. मोठ्या स्पर्धांना दुसऱ्या देशात आधी दाखवलेली फिल्म चालत नाही, काहींना तर वर्ल्ड प्रीमियरच लागतो. प्रीमियर एकदाच होतो.

एडिटटेबल

तुम्ही सगळ्यांनी एवढं मनापासून लिहिलंत, खरंच आभार. शिक्का_सही ताई, तुमची पोस्ट वाचून पोटात गोळा आला. दोन गोष्टी सांगतो. एक म्हणजे दुसऱ्या शॉर्टमधलं गाणं फक्त फेस्टिवलपुरतंच घेतलंय. दुसरं जास्त गंभीर आहे, फीचरच्या स्क्रिप्टचा पहिला ड्राफ्ट मी आणि माझ्या कॉलेजच्या मित्राने मिळून लिहिला होता, मूळ कल्पना त्याच्या घरात घडलेल्या गोष्टीवरून आहे. पुढचे दोन ड्राफ्ट मी एकट्याने लिहिले. काही लेखी नाही. आमचं कधी भांडण झालेलं नाही, त्यामुळे आता कागद काढला तर त्याला वाटेल माझा विश्वास नाही.

शिक्का_सही

भांडण नाही तोवरच काढायचा असतो. झाल्यावर वकील काढतात.

त्याला नुसता मेसेज करू नका, समोर बसा. आधी तिसरा ड्राफ्ट वाचायला द्या, कारण त्याच्या घरची गोष्ट आहे, त्याला कदाचित काही भाग नको असेल, आणि तो हक्क त्याचा आहे असं मला वाटतं, कायद्याचं सोडा. मग क्रेडिट काय, कथा त्याची आणि पटकथा दोघांची का कसं, पैसे आले तर किती, आणि फिल्म पाच वर्षांत झालीच नाही तर काय, एवढं दोन पानांत साध्या भाषेत लिहा आणि दोघांनी सही करा. नंतर वकिलाला दाखवा. माझ्या अनुभवात कागद पुढे केला म्हणून मित्र तुटलेले मी नाही बघितले, पोस्टरवर नाव नाही दिसलं म्हणून तुटलेले बघितलेत.

पाचवा_ड्राफ्ट

शॉर्ट का फीचर यावर कोणी लिहिलं नाही म्हणून थोडंसं. मी एका छोट्या फेस्टिवलसाठी तीन वर्षं शॉर्टफिल्म निवडायचं काम केलंय. तुमची २२ मिनिटांची फिल्म चांगली असूनही अडली असेल तर एक कारण लांबी असू शकतं. ऑस्करच्या नियमात ४० मिनिटांपर्यंत शॉर्टच धरतात पण कार्यक्रम लावणाऱ्याकडे ९० मिनिटांचा एक स्लॉट असतो, त्यात २२ ची एक घेतली की १०-११ च्या दोन बाहेर जातात. म्हणजे २२ ची फिल्म त्या दोघींपेक्षा खूपच सरस असावी लागते. अन्याय वाटतो पण आम्ही दर वर्षी हेच करत बसायचो.

अजून एक शॉर्ट करायचीच असेल तर फीचरमधलाच एखादा सीन घेऊन करा. डेमियन शझेलने 'व्हिपलॅश'चं असंच केलं, फीचरची स्क्रिप्ट तयार होती, पैसे मिळेनात, म्हणून त्यातला तुकडा १८ मिनिटांची शॉर्ट म्हणून केला, २०१३ ला सनडान्सला बक्षीस मिळालं आणि पुढच्याच वर्षी फीचर तिथे दाखवली. म्हणजे शॉर्ट बघून पुढची फिल्म कशी असेल हे समोरच्याला दिसलं पाहिजे. तुमच्या दोन शॉर्ट आणि ही फीचर यांचा एकमेकांशी काही संबंध लागतो का हे बघा.

आणि स्क्रिप्ट लॅब, म्हणजे स्क्रिप्ट सुधारायला मदत करणाऱ्या कार्यशाळा, आणि फंडला अर्ज करा, नोकरी सोडायच्या आधीच. रॉटरडॅम फेस्टिवलचा ह्युबर्ट बाल्स फंड १९८८ पासून आहे, चैतन्य ताम्हाणेच्या 'कोर्ट'ला स्क्रिप्टच्या टप्प्यावर तिथून मदत मिळाली होती आणि २०१४ ला व्हेनिसला ओरिझोंती विभागात ती बेस्ट फिल्म ठरली. त्याची पुढची फीचर २०२० ची, म्हणजे तिसरी_घंटा म्हणतात ते अंतर तिथेही आहेच. लॅबला निवड नाही झाली तरी अर्जासाठी एक पानाचं दिग्दर्शकाचं मनोगत लिहावं लागतं, ते लिहिताना स्वतःलाच कळतं फिल्म कशाबद्दल आहे. मला पाचव्यांदा लिहिताना कळलं.

असिस्टंट होण्याबद्दल, ३१ व्या वर्षी सात वर्षांचा एडिटर असताना तिथे परत पहिल्यापासून सुरू करण्यात मला अर्थ दिसत नाही. सेट चालतो कसा हे माहीत नसेल तर एखाद्या फिल्मवर महिनाभर जा, बास.

एडिटटेबल

ठरवलंय ते सांगतो म्हणजे मागे फिरता येणार नाही. रविवारी मित्राकडे जातोय, ड्राफ्ट प्रिंट करून नेतोय. ऑफिसमधे साहेबांना विचारलं, महिन्यातले १२ दिवस त्यांच्याकडे आणि बाकी माझे असं फ्रीलान्स चालेल का, ते लगेच नाही म्हणाले नाहीत, विचार करून सांगतो म्हणाले. शिल्लक दोन खात्यांत वेगळी केली आणि घरचं खातं बायकोच्या एकटीच्या सहीचं केलं, ही कल्पना तिचीच, रूमटोन यांची पोस्ट वाचून दाखवल्यावर. शूट सलग १९ दिवस धरून शेड्यूल मांडतोय. आणि दुसऱ्या फिल्मची चार पानं लिहायला घेतलीत, अजून दीडच झालंय.

रूमटोन

छान वाटलं वाचून. एक काम करा, शेड्यूल मांडायच्या आधी दोन्ही लोकेशनला नुसते जाऊन बसा, सकाळी एक तास आणि रात्री एक तास, फोन बंद करून, डोळे मिटून. लिफ्ट, पंप, शेजारचा कुत्रा, वरून जाणारी विमानं, जे जे ऐकू येईल ते वेळेसकट लिहून काढा आणि ती यादी इथे टाका. फ्रिज बंद करता येतो, विमान नाही येत. यादी बघून सांगतो कुठला सीन कधी घ्यायचा.

एडिटटेबल

एका लोकेशनच्या मागे शाळा आहे. हे मला आत्ता तुम्ही लिहिल्यावर आठवलं. उद्या सकाळी जाऊन बसतो.